अर्ध्या गाण्याची पेटी

“पेटी आलीऽऽ! बाजूला व्हा, पेटी आली!”

भैरू हमालाची ही आरोळी गल्लीच्या तोंडाशी उठली की तासगावातल्या आमच्या गल्लीत एकही खिडकी बंद राहायची नाही. त्या रविवारीही राहिली नाही. समोरच्या शेटेकाकू तर हातातलं लाटणं हातातच घेऊन कट्ट्यावर आल्या.

“आज कुणाकडं रे भैरू?”

“तोडकरांकडं. थोरलीला बघायला येनार हाईत. इट्याचं पावनं.”

थोरली म्हणजे मी. सुमित्रा. वय वीस, रंग सावळा, आणि याआधी दोनदा नापसंत. मी माडीवर आईची जांभळी इरकल नेसून बसले होते आणि खिडकीतून सगळं ऐकत होते. भैरूच्या हातगाडीवर माझ्या वडिलांच्या, अण्णांच्या दुकानात टाकायच्या द्राक्षाच्या रिकाम्या पेट्या रचलेल्या होत्या आणि त्यांच्यावर जुन्या वाकळेत गुंडाळलेली गोदाक्काची पेटी, म्हणजे बाजाची पेटी. मागून गोदाक्का पदर डोक्यावरून घेऊन, भिंतीच्या कडेकडेनं चालत येत होती.

आमच्या घरात पेटी हा शब्द ज्याच्या त्याच्या तोंडी वेगळा होता. अण्णांचं दुकान द्राक्षाच्या पॅकिंगच्या सामानाचं, त्यामुळे हंगाम लागला की त्यांच्या तोंडी पेटी म्हणजे द्राक्षांची. जेवतानासुद्धा दुसरा विषय नसायचा. आईची पेटी म्हणजे माझ्या लग्नासाठी पलंगाखाली सरकवलेली काळी पत्र्याची ट्रंक. तिच्यात ती कधी एक साडी टाकायची, कधी तांब्या-फुलपात्र, आणि झाकण लावताना दर वेळी सुस्कारायची. धाकट्या पुष्पाला पेटी म्हटलं की चौकातली टपालाची लाल पेटी आठवायची, कारण ती दर आठवड्याला रेडिओला फर्माईश पाठवायची आणि स्वतःचं नाव ऐकायला कान लावून बसायची. एवढं असून कुणाचा कधी घोटाळा झाला नाही. बोलणाऱ्याच्या चेहऱ्यावरूनच कळायचं कुठली पेटी ते.

पण गावाच्या तोंडी पेटी म्हणजे गोदाक्काचीच. “त्यांच्याकडं पेटी गेली होती” म्हणजे मुलगी दाखवली. “त्यांच्याकडं पुन्हा पेटी गेली” म्हणजे मागची खेप फुकट गेली, असं म्हणून माणसं चुकचुकायची. आमच्याकडे ती तिसऱ्यांदा येत होती, आणि शेटेकाकू चुकचुकल्याचं मला माडीवर ऐकू आलं.

त्या काळात आमच्याकडे मुलीला पेटी वाजवून गाणं म्हणता आलं पाहिजे, असा एक दंडक होता. लग्नानंतर तिनं त्या पेटीकडे ढुंकूनही पाहू नये, असा दुसरा. घराघरांत पेट्या घेणं कुणाला परवडणार? मग देवळामागच्या खोलीत राहणारी गोदाक्का लग्नाच्या मुलींना शिकवायची आणि दाखवायच्या दिवशी तिची पेटी त्या घरी जायची. ती तरुणपणीच विधवा होऊन भावाच्या आसऱ्याला परत आली होती. भाऊही पुढे गेला, खोली तेवढी राहिली. शिकवण्याचं जे काय मिळे त्यावर तिचं पोट होतं.

ती सगळ्यांना एकच गाणं शिकवायची. भूप रागातलं, देवीचं. आणि तेही अर्धं. गाण्याचा पहिला भाग, ज्याला अस्ताई म्हणतात, तेवढाच. वर चढत जाणारा पुढचा भाग, अंतरा, तिनं कुणालाच शिकवला नव्हता. याचं कारण साऱ्या गावाला माहीत होतं. मुलगी अस्ताई संपवते न संपवते तोच मुलाचा बाप “पुरे” म्हणायचा. हीही एक रीतच होती. “पुरे” म्हणजे झालं, पोहे आणा. तिथून पुढे कुठलीच मुलगी कधी गेली नव्हती, मग शिकायचं कशाला?

तर त्यामुळे तासगावातल्या झाडून साऱ्या लेकीसुनांना तेच अर्धं गाणं येत होतं. हळदीकुंकवाला जमलेल्या बायकांतली एखादी गुणगुणू लागली की बाकीच्या सूर धरायच्या, अस्ताई संपली की सगळ्या एकदम थांबायच्या, एक जण जाड आवाज काढून “पुरे!” म्हणायची आणि पोट धरधरून हसायच्या. मीही हसायचे. पण त्या हसण्यानंतर मला चुटपुट लागून राहायची. पायरी चढायला पाय उचलावा आणि पायरीच नसावी तसं व्हायचं.

मला नवरा हवा होता की नाही, हे मला तेव्हा धड ठाऊक नव्हतं. अंतरा मात्र हवा होता.

“गोदाक्का, पुढचं सांगा की,” मी किती वेळा म्हटलं असेल.

“पुढचं काय?”

“अंतरा.”

“कुणाला ऐकवणार आहेस? तिथवर थांबतंय कोण?”

“मला ऐकायचाय.”

“सुमे, भाता नीट ओढ. सूर हलतोय तुझा.”

दर वेळी हेच. कधी गोडीत सांगायची, कधी अंगावर यायची. एकदा मी हट्टाला पेटले तर तिनं पेटीचं झाकणच लावलं आणि “आज हात दुखतोय माझा” म्हणून तोंड फिरवून बसली. मी चरफडत घरी आले. बाई कंजूष आहे, आपली विद्या आपल्याबरोबर घेऊन जाणार आहे, असं मी पुष्पाला सांगितलं. पुष्पा म्हणाली, “रेडिओला लिहू का?”

गोदाक्काचा आणखी एक शिरस्ता होता. दाखवायच्या घरी ती कधी पाहुण्यांसमोर यायची नाही. खूप वर्षांपूर्वी कुणाच्या तरी घरी ती चुकून बाहेरच्या सोप्यात आली, पांढऱ्या कपाळाची बाई समोर आली म्हणून पाहुणे उठून गेले, आणि त्यानंतर वर्षभर तिला कुणी बोलावलं नाही. त्या वर्षी ती एकभुक्त राहिली म्हणतात. तेव्हापासून ती मागच्या दारानं यायची, स्वयंपाकघराच्या दाराआड बसायची आणि पाहुणे गेल्यावर पेटीबरोबर मागच्या दारानं जायची.

त्या दिवशीही ती तशीच येऊन दाराआड बसली. आईनं तिला पाट दिला आणि दबल्या आवाजात सांगितलं, “गोदाक्का, या खेपेला जमलंच पाहिजे बघा. हिचं अडलं की धाकटीचं अडतंय.”

“जमंल की. सुमीचा हात चांगलाय,” गोदाक्का म्हणाली. मग मला जवळ बोलावून माझ्या कपाळावरची बट मागे सारली. “घाबरू नकोस. पुरे म्हटलं की हात उचलायचा आणि खाली बघायचं. बास.”

विट्याचे आवटे वेळेवर आले. मुलगा प्रभाकर, मोठ्या सोसायटीत नोकरीला होता. तो आल्यापासून सतरंजीचे रंग मोजत असल्यासारखा खाली बघून बसला. त्याची आई समोरच्या खुर्चीवर, हातात पिशवी. त्या पिशवीतून नारळाची शेंडी दिसत होती. मुलगी पसंत पडली तर तो नारळ माझ्या ओटीत येणार होता, नाही तर आला तसा विट्याला जाणार होता. घरातल्या सगळ्यांची नजर त्या शेंडीवर. मुलाचे वडील, नाना आवटे, अंगानं आडवे, टोपी काढून मांडीवर ठेवून बसलेले. जमवून आणणारे बाळूकाका मधोमध.

नाव विचारून झालं, शिक्षण विचारून झालं. मग बाळूकाका म्हणाले, “आता गाणं होऊ द्या. आमची सुमी पेटी फार छान वाजवते.”

मी भाता ओढला आणि सुरुवात केली. आवाज पहिल्यांदा जरा कापला, मग स्थिर झाला. अस्ताई म्हटली. शेवटच्या सुरावर आले आणि ‘पुरे’ची वाट बघत हात जरा सैल सोडला.

कुणीच काही बोललं नाही.

मी चोरून वर पाहिलं. नाना आवट्यांचे डोळे मिटलेले होते आणि उजव्या हाताची बोटं मांडीवरच्या टोपीवर ठेका धरत होती. मागून कळलं, गडी गावच्या भजनात तबला वाजवायचा. पण तेव्हा मला वाटलं, म्हातारा झोपला की काय. थांबावं तर कुणी थांब म्हटलेलं नाही. मी पुन्हा पहिल्यापासून अस्ताई धरली.

दुसऱ्यांदा संपली. बाळूकाका खाकरले. अण्णा म्हणाले, “छान. झालं ना आता?”

नानांनी डोळे न उघडताच डावा हात वर केला. चालू द्या.

तिसऱ्यांदा अस्ताई. मुलाची आई नवऱ्याकडे बघत होती, मुलगा सतरंजीकडे, आणि अण्णा नारळाकडे. तिसऱ्यांदा शेवटचा सूर लागला आणि नाना आवटे डोळे उघडून अगदी सहज म्हणाले, “आता अंतरा घ्या की.”

अण्णांना अंतरा म्हणजे काय ते ठाऊक नव्हतं, पण पाहुण्यांनी काही मागितलंय एवढं कळलं.

“घेते की! घे गं सुमे, अंतरा घे,” ते घाईनं म्हणाले. मिठाईच्या ताटातला पदार्थ असल्यासारखं.

आता ‘येत नाही’ म्हणायची सोय राहिली नाही. मी काय करणार? पुन्हा अस्ताईच धरली. चौथ्यांदा. म्हणता म्हणता मनात एकच, की शेवट आला की काय करायचं? शेवट आला. बोटं तिथंच थबकली. भाता नुसता हलत होता आणि एक सूर नुसताच रेंगाळत होता.

आणि दाराआडून आवाज आला.

पहिल्यांदा तो इतका बारीक होता की मला वाटलं पेटीच वाजतेय. मग तो गंधारावरून उठला, पंचमावर टेकला, धैवताला हात लावून थेट वरच्या सा वर जाऊन उभा राहिला. घोगरा आवाज होता, कित्येक वर्षं न वापरलेला, पण सूर पक्का. मी अंतरा पहिल्यांदा ऐकत होते. एका बोटानं तो शोधायला लागले. कुठे सापडे, कुठे हुके.

“कोण गातंय?” नाना सरळ होऊन बसले.

अण्णांचा चेहरा उतरला. “ते, त्या आपल्या, शिकवणाऱ्या बाई आहेत. आत असतात.”

“मग आत का? बाहेर बोलवा त्यांना.”

“त्यांचं जरा असं आहे...” अण्णा अडखळले. पुढचं मुलाच्या आईला न सांगता कळलं.

“राहू दे की,” त्या म्हणाल्या. “आतूनच बरं आहे. शुभ कामात कशाला उगीच?”

आतला आवाज तिथंच तुटला. दाराच्या चौकटीवर मला आईचा हात दिसला, आडवा धरलेला. म्हणजे गोदाक्का उठली होती आणि आईनं तिला अडवलं होतं. गंमत बघा, त्या क्षणी मला नारळ दिसेना, नवरा दिसेना, अण्णांचे वटारलेले डोळेही दिसेनात. गाण्याचा उरलेला अर्धा भाग त्या दारापलीकडे उभा होता आणि तो पुन्हा आत जाणार होता. मी पेटीसमोरून बाजूला सरकले आणि सतरंजीवर माझ्याशेजारी जागा केली.

“गोदाक्का, या,” मी म्हटलं. “मला सापडत नाहीये.”

“सुमे!” आई आतून म्हणाली.

“या की, गोदाक्का.”

चौकटीवरचा हात थोडा वेळ तसाच राहिला. मग खाली आला. गोदाक्का सोप्यात आली. डोक्यावरचा पदर घट्ट धरलेला, नजर जमिनीवर. कुणाकडे न बघता ती माझ्या शेजारी बसली, आणि पेटीवर हात ठेवल्यावर मात्र तिनं मान वर केली. अस्ताई तिनं घेतलीच नाही. तिनं अंतराच घेतला, पहिल्या सुरापासून शेवटापर्यंत. मग पुन्हा घेतला. दुसऱ्यांदा घेताना तिच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि ती हसत होती. नाना आवट्यांनी टोपी केव्हाच खाली ठेवली होती आणि उघड उघड मांडीवर ठेका धरला होता.

गाणं संपलं तेव्हा “पुरे” कुणी म्हणालं नाही. मुलाची आई मात्र पिशवी उचलून उभी राहिली.

“चला. अंधाराच्या आत पोचायला पाहिजे.”

पोहे तसेच राहिले. नारळ आला तसा गेला. प्रभाकरनं जाता जाता पहिल्यांदाच मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि बिचारा पुन्हा आईच्या मागे चालू लागला. नाना सगळ्यांत शेवटी निघाले. चपला घालून झाल्यावर उंबऱ्याबाहेरून त्यांनी गोदाक्काला हात जोडले आणि गेले.

मग अण्णांचा तोल सुटला. “अक्कल गहाण टाकलीस का गं? जमलेलं मोडलंस! आता परत कोण येणार या दारात?”

गोदाक्काला ते एक अक्षर बोलले नाहीत आणि ते जास्त लागणारं होतं. नुसतं दारात जाऊन ओरडले, “भैरू! ही पेटी घेऊन जा!”

भैरूनं वाकळ गुंडाळली, पेटी गाडीवर ठेवली. गोदाक्का मागच्या दाराकडे वळली. मी चप्पल पायात सरकवली.

“कुठं निघालीस?” आईनं विचारलं.

“पेटी पोचवायला.”

दाखवायच्या साडीत, केसांत अबोलीचा गजरा, अशी मी गोदाक्काला हाताला धरून पुढच्या दारानं बाहेर आले, आणि हातगाडीमागून भर गल्लीतून चालत गेले. भैरूला सवयीनं आरोळी द्यायची होती, पण त्यालाही सुचेना. शेटेकाकू कट्ट्यावरच होत्या. त्यांनी तोंडाला पदर लावला.

खोलीवर पोचल्यावर भैरूनं पेटी ठेवली, “आक्का, येऊ का?” म्हणाला आणि जरा घुटमळून गेला. उन्हं उतरायला लागली होती. देवळातली घंटा अधूनमधून कुणीतरी वाजवत होतं. गोदाक्कानं मला पाणी दिलं, स्वतः प्यायली आणि भिंतीला टेकून बसली. आपला पोटाचा धंदा बुडाला हे तिला कळलं नसेल असं नाही. पण चेहरा निवांत होता. मला मात्र रागच आला होता.

“इतका सुंदर अंतरा, आणि शिकवत नव्हतात होय आम्हाला? मी किती मागं लागले होते. मुद्दामच ना?”

“मुद्दाम कसलं गं,” ती म्हणाली. “मला येतच नव्हता.”

“येत नव्हता म्हणजे?” मी विचारलं.

“विसरले होते मी. माझ्या आईनं शिकवलं होतं पूर्ण. लग्नात पेटी बरोबर दिली. सासरी पहिल्या शुक्रवारी देवीपुढं बसले, अस्ताई म्हटली, तोवर सासूबाई आतून म्हणाल्या, ‘पुरे.’ पुढच्या शुक्रवारी तसंच. वाईट नव्हत्या त्या. भाकरी करायच्या असायच्या, पाणी भरायचं असायचं. दर वेळी तिथंच पुरे. मग मीच तिथं थांबायला लागले. कुणी म्हणायच्या आधीच.”

बोलता बोलता तिनं पेटीवरची वाकळ सोडायला घेतली.

“मालक गेले, सासूबाई गेल्या, भावानं इथं आणलं. म्हटलं, आता कोण अडवतंय? पेटी उघडली, अस्ताई म्हटली, आणि हात थांबला. पुढं काहीच नाही. सूर नाही, शब्द नाही. किती दिवस बसले असेन तशी. आईही राहिली नव्हती विचारायला. मग लाज वाटायला लागली. शिकवणारी बाई, आणि गाणं अर्धं! म्हणून सांगत सुटले, तिथवर थांबतंय कोण. लोकांनाही ते पटलं.”

“मग आज कसं आलं?”

“तू थांबली नाहीस ना! इतक्या मुलींना शिकवलं, तिथं मीच थांबवायचे. दाराआड बसून ऐकलं, तर पाहुण्यांनी कुणालाच दुसऱ्यांदा तिथवर येऊ दिलं नाही. तू एकदा आलीस, दोनदा आलीस, तीनदा आलीस. चौथ्यांदा माझाच जीव राहीना. मी म्हटलं, अगं आता जा की पुढं! आणि पुढचं माझ्याच तोंडात आलं.”

एवढं बोलून ती हसायला लागली, आणि हसता हसता रडली. मीही रडले. माझं कशासाठी होतं ते मला आजही नीट सांगता येणार नाही. मोडलेल्या लग्नासाठी नव्हतं एवढं नक्की.

मग तिनं पेटी उघडली आणि मला समोर बसवलं. त्या संध्याकाळी मी अंतरा शिकले. तेव्हा मला त्या गाण्याचा अर्थ लागला. अस्ताईत देवीला नुसती हाक आहे. आई, ये गं, ये. काय मागायचं ते अंतऱ्यात आहे. मागणंही काही मोठं नाही. आई, आलीस तशी दोन घटका बस, माझं ऐकून जा. बास, एवढंच. आमच्या गावातल्या इतक्या मुलींनी देवीला हाका मारल्या होत्या, पण मागणं कुणाच्याच तोंडून निघालं नव्हतं.

विट्याहून नकार आला. त्याचं कुणाला नवल वाटलं नाही. गोदाक्काला मात्र त्यानंतर कुणी बोलावलं नाही. भैरूची आरोळी आमच्या गल्लीनं पुन्हा ऐकली नाही. हंगामात गोदाक्का द्राक्षाच्या शेडमध्ये पेट्या भरायला जाऊ लागली. “मी जन्मभर पेटीवरच जेवले बघ,” असं म्हणायची आणि स्वतःच हसायची. तिला तिथं काम लावून दिलं ते अण्णांनी. मला सांगितलं नाही, तिलाही त्यांचं नाव कळू दिलं नाही. पण त्या शेडला पॅकिंगचा कागद त्यांच्याच दुकानातून जायचा, तेव्हा मला कळायचं ते कळलं. मी रोज संध्याकाळी तिच्याकडे जाते, यावर त्यांनी आधी आरडाओरडा केला, मग अबोला धरला, आणि पुढे पुढे मला उशीर झाला की तेच कंदील घेऊन देवळापाशी येऊन उभे राहायचे. गोदाक्काला आणखीही खूप येत होतं. एक आठवलं की दुसरं आठवायचं.

पुष्पाचं लग्न माझ्याआधी झालं. आईची काळी ट्रंक तिच्याबरोबर गेली. माझं जमलं ते बऱ्याच उशिरा. सांगलीची माणसं होती. गाणं म्हण म्हटल्यावर मी सरळ विचारलं, “पूर्ण ऐकणार असाल तर म्हणते.” आईनं कपाळाला हात लावला. मुलाचे काका अस्ताई संपल्यावर “पुरे” म्हणाले, आणि मुलगा म्हणाला, “पुरे काय काका? आत्ता कुठं सुरू झालंय.” त्या माणसाबरोबर मी चाळीसेक वर्षं संसार केला. ओटीत नारळ घालताना त्या घरच्या बायकांनी गोदाक्काला पुढे बसवलं होतं, कारण मी तशी अटच घातली होती.

गोदाक्का गेली त्या वर्षी भैरूनंच पेटी सांगलीला आणून दिली, एस.टी.च्या टपावरून. तीच जुनी वाकळ गुंडाळलेली. दोन सूर बसले होते, ते दुरुस्त करून घेतले. भाता तोच आहे. आता घरी चार-दोन मुली शिकायला येतात. त्यांना दाखवायचं बिखवायचं काही नसतं, आवडीनं येतात. परवा त्यातलीच एक, मृण्मयी, अंतरा घासून घासून कंटाळली आणि पेटीवर कोपर टेकून म्हणाली, “मावशी, बाकी सगळ्या क्लासमध्ये गाणं पहिल्यापासून शिकवतात. तुम्ही सुरुवात कधी शिकवणार?”

“ती येईल गं,” मी म्हटलं. “ती सगळ्यांनाच येते. तू आधी वरच्या सा वर जा बघू.”